चाकाच्या खुर्चीची सहल

(कागल येथे ज्ञातिमंडळाच्या वार्षिक संमेलनात केलेले भाषण)



आजच्या प्रसंगी चार शब्द बोलावेत अशी कार्यकारी मंडळाची आज्ञा झाली. आमचे शिक्षण मॅट्रिकपर्यंतचे, आणि सारी हयात प्राथमिक शाळेतील मुलांस त्रैराशिक व शुद्धलेखन शिकविण्यात गेली. तेव्हा विद्वत्तेचे भाषण आमच्याकडून होणे नाही. जो विषय आम्ही निवडला आहे तो ऐकून काहींना हसू येईल. मोठमोठ्या जहाजांतून जगाची सफर करणाऱ्या प्रवाशांपैकी ज्यांस चालता येत नाही, जे चाकाच्या खुर्चीत बसून असतात, त्यांस बंदरावर उतरल्यानंतर जुनी शहरे कशी दाखविली जातात, हा तो विषय होय. आपल्या कागलास दूधगंगा जवळ आहे, जयसिंगराव तलाव आहे. परंतु जहाज काही आपल्या वेशीस लागावयाचे नाही, हे आम्हांसही ठाऊक आहे. तथापि या जहाजाच्या वाटेनेच आम्हांस आपल्या मंडळाच्या वार्षिक सहलीपाशी यावयाचे आहे. म्हणून थोडा धीर धरावा, अशी विनंती आहे.

सफरीची ही जहाजे म्हणजे तरंगती नगरेच असतात. मुंबईस बॅलार्ड पिअरच्या धक्क्यावर ती हिवाळ्याच्या दिवसांत येतात, आणि मुंबईहून गोव्यास अशा जहाजाने हौसेने जाणारी मराठी कुटुंबेही आता थोडी नाहीत. प्रवाशांत वयोवृद्ध पुष्कळ असतात. खुर्चीतील माणसास जहाजावर फारशी अडचण पडत नाही. त्याच्यासाठी रुंद दाराच्या आणि उंबरठा नसलेल्या खोल्या असतात, वरखाली जाण्यास पाळणे असतात. अडचण सुरू होते ती जमिनीवर पाऊल ठेवताना. जहाज बंदरात आठ-दहा तास थांबते. तेवढ्यात शहर पाहून परतावयाचे असते. त्यासाठी ज्या मोठ्या बसगाड्या धक्क्यावर उभ्या असतात त्यांच्या पायऱ्या उंच. चाळीस माणसांचा मेळा, पुढे छत्री उंचावून धावणारा वाटाड्या, आणि ठेचाळण्याजोगे दगडी रस्ते. त्या मेळ्यात खुर्चीचा निभाव कसा लागावा? सबब शहर समोर दिसत असूनही असे प्रवासी पूर्वी जहाजाच्या कठड्यापाशीच बसून राहत.

या अडचणीतून एक निराळा व्यवसाय उभा राहिला. एका कुटुंबापुरती स्वतंत्र गाडी धक्क्यावर येते. तिच्या मागील वा बाजूच्या दारातून उताराची फळी खाली येते, किंवा यांत्रिक पाळणा खुर्चीस माणसासकट वर घेतो. आत खुर्ची चार पट्ट्यांनी जमिनीस जखडतात, आणि माणसास निराळा पट्टा बांधतात. परंतु खरे महत्त्व गाडीस नाही. वाटाड्याने आदल्या दिवसांत तो सारा मार्ग स्वतः चालून, मोजून ठेवलेला असतो. कोणत्या दारास पायरी नाही, कोठे फरसबंदी उखडली आहे, कोणत्या शौचालयात खुर्ची वळते, कोठे सावलीत घटकाभर थांबता येते, हे सारे त्यास पाठ असते. दहा स्थळे धावत दाखविण्याऐवजी तो चारच दाखवितो, पण ती पोटभर. जहाज कोणासाठी थांबत नाही, म्हणून परतीची वेळही तो हिशेबात धरतो.

ग्रीस देशातील अथेन्स शहराचे उदाहरण घ्या. पिरिअस बंदरात जहाजे लागतात आणि प्रवासी अक्रोपोलिस नावाच्या टेकडीवरील अडीच हजार वर्षांपूर्वीची देवालये पाहावयास जातात. आपल्या पन्हाळ्याप्रमाणे ती उंचावर आहेत. 2004 साली तेथे पॅरालिंपिक स्पर्धा भरल्या तेव्हा अपंगांसाठी टेकडीच्या कड्यावर एक पाळणा बसविण्यात आला. तो जुना झाल्यावर 2020 च्या डिसेंबरात नवा आला. ज्या टेकडीच्या एकेका दगडास तेथील लोक प्राणापलीकडे जपतात, तिच्यावरही वाट निघाली. आपल्याकडेही अशी उदाहरणे आहेत. रायगडावर 1996 साली रज्जुमार्ग झाला. सप्तशृंगीच्या गडावर 2018 पासून रुळांवरून चढणारी गाडी आहे. तेव्हा 'जुन्या ठिकाणी काही करता येत नाही' हे म्हणणे फारसे टिकत नाही.

आता दुसरे चित्र पाहा. मुंबईच्या समुद्रातील घारापुरीची लेणी 1987 साली जागतिक वारसा ठरली. गेटवेपासून लाँचने जावे, उतरल्यावर छोट्या आगगाडीने पायथा गाठावा, इथवर ठीक. पुढे शंभराहून अधिक पायऱ्या. ज्यांस त्या चढवत नाहीत त्यांच्यासाठी डोलीवाले आहेत. खुर्चीस दांडे बांधून चौघेजण खांद्यावर नेतात. त्या कष्टकऱ्यांस आम्ही नावे ठेवीत नाही. त्यांच्या खांद्यांमुळेच कित्येक वृद्धांस त्रिमूर्तीचे दर्शन घडले आहे. परंतु माणसास उचलून नेणे निराळे, आणि त्यास जाण्याजोगी वाट करून देणे निराळे. उचलण्यात नेणाऱ्याचे बळ दिसते. वाट करण्यात जाणाऱ्याचा मान राहतो. आमच्या आजच्या भाषणाचे सार म्हणाल तर एवढेच आहे.

हे सार आम्ही पुस्तकातून काढलेले नाही. काही वर्षांपूर्वी आपल्या मंडळाची सहल एका देवस्थानास गेली होती. स्थळाचे व व्यक्तीचे नाव सांगण्याचे कारण नाही. सत्तरी ओलांडलेल्या, गुडघ्यांनी अधू झालेल्या एक आक्का आमच्याबरोबर होत्या. पायऱ्या पाहताच त्या गाडीतच बसल्या. आपली तरुण मुले मायेची; ती म्हणाली, "आक्का, उचलून नेतो की! त्यात काय मोठं?" आक्कांनी पदर घट्ट लपेटून घेतला आणि म्हणाल्या, "नको रे बाबांनो. एवढ्या लोकांत मला गाठोड्यागत नेऊ नका. तुम्ही जाऊन या, मी हितंच बसते." दोन तास त्या बसल्या. मंडळींनी आठवणीने प्रसाद आणून दिला, त्यांनी तो कपाळास लावला. पुढील वर्षी सहलीच्या यादीत त्यांचे नाव नव्हते. आम्ही विचारता, "माझ्यापायी सगळ्यांचा खोळंबा कशाला?" असे उत्तर मिळाले. कोणी त्यांस 'येऊ नका' म्हटले नव्हते. पायऱ्यांनीच म्हटले होते.

बंधुभगिनींनो, आपल्या घराघरांत अशी माणसे आहेत. 2011 च्या जनगणनेत देशात 2 कोटी 68 लाख, आणि एकट्या महाराष्ट्रात सुमारे 29 लाख 63 हजार अपंगांची नोंद झाली. सरकारदरबारी आता त्यांस दिव्यांग म्हणतात. शब्द बदलला हे चांगलेच झाले; परंतु शब्दाने पायरी उतरत नाही. शिवाय वार्धक्याने अधू झालेले, पक्षाघाताने एक अंग गेलेले, अपघातात पाय गमावलेले कित्येकजण या गणतीत आलेलेही नसतील. आणि आज या मांडवात ताठ बसलेल्या आपणां सर्वांची वाट, आयुष्य लाभल्यास, त्याच खुर्चीकडे जाते. म्हणून हा परोपकाराचा विषय नव्हे. आपल्या स्वतःच्या उद्याची ही बेगमी आहे.

कायद्यानेही यात लक्ष घातले आहे. 2016 च्या दिव्यांग व्यक्ती हक्क अधिनियमात सार्वजनिक इमारतीची जी व्याख्या आहे, तीत लोकांच्या वापरातील खाजगी इमारतीही येतात. म्हणजे मंगल कार्यालय आले, सभागृह आले, देऊळही आले. परंतु ज्ञातिसंस्थेने एखादी गोष्ट कायद्याच्या धाकाने करावी, हे आम्हांस शोभादायक वाटत नाही. आपण ती आपुलकीने आधीच करावी.

या कामी कोल्हापूरने अथेन्सकडे पाहत बसण्याचे कारण नाही. तरुण वयात कमरेखालचे बळ गमावलेल्या नसीमा हुरजूक यांनी 1984 साली कोल्हापुरात 'हेल्पर्स ऑफ द हॅन्डिकॅप्ड' ही संस्था सुरू केली. अपंग मुलामुलींचे शिक्षण, वसतिगृह, साधने, रोजगार, असे तिचे कार्य वाढत गेले. त्यांच्या आत्मकथनाचे नावच 'चाकाची खुर्ची' असे आहे. हे सारे आपल्यापासून अवघ्या पाच-सहा कोसांवर घडले. ज्या खुर्चीस आपण दुर्दैवाचे चिन्ह मानतो, तिच्यात बसूनच एवढा संसार उभा राहिला, हे ध्यानात घ्यावे.

आणखी एक गोष्ट. कागलच्या घाटगे घराण्यात जन्मलेले आणि 1884 साली कोल्हापूरच्या गादीवर दत्तक गेलेले राजर्षी शाहू महाराज आपणां सर्वांस वंदनीय आहेत. 1901 पासून त्यांच्या प्रोत्साहनाने कोल्हापुरात निरनिराळ्या ज्ञातींची विद्यार्थी वसतिगृहे निघाली. त्यामागील विचार काय होता? शाळेचे दार उघडे होते. परंतु खेड्यातील गरीब मुलास त्या दारापर्यंत पोहोचून शहरात राहण्याची सोय नव्हती. महाराजांनी मुलास नुसते 'ये' म्हटले नाही. येण्याची वाट करून दिली. आपल्यासारख्या ज्ञातिसंस्थांना त्याच विचाराने बळ मिळाले. शाळेच्या दाराशी अडलेल्या मुलासाठी जे झाले, तेच देवळाच्या, सभागृहाच्या दाराशी अडलेल्या त्याच्या आजीसाठी आज व्हावे, एवढेच आमचे मागणे आहे.

आता प्रत्यक्ष काय करावे, ते सांगतो. पहिली गोष्ट, पुढील वर्षाची एक सहल खुर्चीच्या मापाने आखावी. स्थळे दूरची नकोत. रंकाळ्याचा काठ, नवा राजवाडा, भवानी मंडप, आणि वर्षभरात एकदा पन्हाळा. पन्हाळ्यावर मोटार थेट जाते, आणि 2025 च्या जुलैत तो जागतिक वारशाच्या यादीत गेला आहे. नातवाने तो पाहावा आणि आजोबांनी तसबिरीत पाहावा, हे बरे नव्हे. खिद्रापूरच्या कोपेश्वराचा स्वर्गमंडप तर असा आहे की उभ्याने पाहा वा बसून पाहा, मान वर करताच छताच्या गोल झरोक्यातून आकाशच दिसते. मात्र प्रत्येक ठिकाणी दोघांनी आधी जाऊन पायऱ्या मोजाव्यात, दारांची रुंदी मोजावी, शौचालय पाहावे, आणि मगच यादी करावी. जे स्थळ जमणार नाही ते स्पष्ट सांगावे. आयत्या वेळी 'बघू काहीतरी' म्हणणे हाच सर्वांत मोठा अडथळा आहे.

दुसरी गोष्ट, मंडळाने घडीच्या दोन खुर्च्या घ्याव्यात, आणि त्या लागेल त्या घरी न्याव्यात. खुर्चीस हात लावण्यापूर्वी बसलेल्यास विचारावे. तीव्र उतारावर ती उलटी धरून उतरवावी. आणि बोलणे असेल ते ढकलणाऱ्याशी न बोलता बसलेल्याशी बोलावे. एवढे शिक्षण आपल्या मुलांस एका रविवारी देता येईल, आणि ते देण्यास आम्ही आनंदाने तयार आहोत.

तिसरी गोष्ट सर्वांत महत्त्वाची, आणि कदाचित कित्येकांस कडू लागेल. आपल्या सभागृहावर वरचा मजला चढविण्याची योजना सभेपुढे आहे. विद्यार्थ्यांचा गौरव आणि वधूवर मेळावे वर भरावयाचे, असे ठरत आहे. त्या आराखड्यात जिना आहे, पाळणा नाही. खालच्या दारासही तीन पायऱ्या आहेत. येथे आमचे जुने गणित उपयोगी पडेल. उताराचा नियम असा की, एक इंच उंचीस बारा इंच, म्हणजे एक फूट लांबी. सहा इंचांची एक पायरी धरली तर तीन पायऱ्यांच्या अठरा इंचांस अठरा फूट उतार लागेल. तेवढे आपले अंगण आहे. दार तीन फूट रुंद असावे. तेही होण्याजोगे आहे. पैसा अपुरा असेल तर वरचा मजला दोन वर्षे थांबेल, त्याने कोणाचे अडणार नाही. परंतु नातीचा सत्कार वर चालू असताना आजीने खाली चपलांपाशी बसावे, असा मजला आपण वर्गणी काढून बांधू नये. आधी उतार, मग मजला. आणि मजला झालाच तर पाळण्यासह, असा ठराव या सभेने करावा, अशी आमची हात जोडून विनंती आहे.

कोणी म्हणतील, 'ती माणसे स्वतःच यावयास नको म्हणतात.' खरे आहे. परंतु ज्याने दहा वेळा पायरी पाहून माघार घेतली, तो अकराव्या वेळी तोंडाने 'नको' म्हणतो. त्याच्या मनातून विचारा. परदेशी प्रवाशास पैसा मोजून जी वाट मिळते, ती आपल्या वडीलधाऱ्यांस आपल्या ज्ञातीत बिनमोल मिळावी. सहलीची पुढील यादी करताना प्रथम त्यांची नावे लिहावीत आणि मगच गाडी ठरवावी, एवढे सुचवून आमचे भाषण संपवितो.