पाहुण्यांचे उपचार आणि घरचे आजारी

(मंडळाच्या तरसाली विभागाच्या सभेत कार्यकारिणीच्या वतीने झालेल्या भाषणाचा मजकूर)



आजचा विषय आहे ‘वैद्यकीय पर्यटन’. शब्द थोडा विचित्र आहे. पर्यटन म्हटले की आपल्याला द्वारका-सोमनाथ आठवते, इस्पितळाची खाट आठवत नाही. पण परदेशातून माणसे गुडघा बदलायला, हृदयाची शस्त्रक्रिया करायला, दात बसवायला आपल्या देशात येतात आणि सरकार त्याला उद्योग मानते. या उद्योगाची वाढ कशी झाली, त्याचा दर्जा काय आणि तरसालीत, मांजलपुरात, मकरपुऱ्यात राहणाऱ्या आपल्यासारख्या कुटुंबांचा त्याच्याशी संबंध काय, एवढेच आज आपल्यासमोर मांडायचे आहे.

सुरुवात बडोद्यापासूनच करू. परगावचा रोगी उपचारासाठी या शहरात येणे ही कालपरवाची गोष्ट नाही. ज्याला आपण आज सयाजी इस्पितळ किंवा एस.एस.जी. म्हणतो, ते १८८६ साली काउंटेस ऑफ डफरिन यांच्या नावाने सुरू झाले. सर भालचंद्र कृष्ण भाटवडेकर यांच्यासारखा नामांकित मराठी डॉक्टर बडोदा संस्थानचा मुख्य वैद्यकीय अधिकारी होता. राजरत्न प्रोफेसर माणिकरावांच्या जुम्मादादा व्यायाम मंदिरात कुस्ती, लाठी, मल्लखांब शिकवला जाई, तसे मोडलेले हाडही बसवून मिळे. १९४९ साली बडोदा मेडिकल कॉलेज निघाले. मध्य गुजरातच काय, शेजारच्या मध्य प्रदेशातल्या आदिवासी भागातूनही रोगी आजपर्यंत सयाजीच्या दारात येतात.

या सगळ्यामागे एक समजूत होती. इस्पितळ हे राज्याचे काम आहे, आणि रोग्याच्या खिशाकडे नंतर पाहायचे, आधी नाडीकडे. आपल्या आजोबा-पणजोबांनी गायकवाडी पाहिली ती या समजुतीसह. म्हणून नव्या उद्योगाकडे पाहताना आपल्या हातात एक जुने माप आहे, ते आपण विसरू नये.

आता नवा उद्योग. २००२ सालच्या राष्ट्रीय आरोग्य धोरणात केंद्र सरकारने स्पष्ट म्हटले की परदेशी रुग्णांना पैसे घेऊन दिलेली सेवा ही निर्यात समजली जाईल आणि निर्यातीच्या सवलती तिला मिळतील. म्हणजे कापड, हिरे, औषधे यांच्या रांगेत शस्त्रक्रिया येऊन बसली. २००५ साली दिल्लीच्या इंद्रप्रस्थ अपोलोला अमेरिकेतल्या जे.सी.आय. या संस्थेची मान्यता मिळाली. भारतात ती मिळवणारे ते पहिले रुग्णालय. त्याच साली आपल्याकडचे राष्ट्रीय मान्यता मंडळ, म्हणजे एन.ए.बी.एच., स्थापन झाले. वैद्यकीय व्हिसा निघाला. २०१९ साली उपचारासाठी भारतात आलेल्या परदेशी लोकांची सरकारी नोंद जवळजवळ सात लाखांची आहे.

लोक येतात ते तीन कारणांनी. अमेरिकेत खर्च परवडत नाही. इंग्लंडमध्ये उपचार मोफत आहे, पण नंबर लागायला महिनेच्या महिने जातात. आणि बांगलादेश, इराक, येमेन, आफ्रिकेतले देश इथे कित्येक शस्त्रक्रियांची सोयच अपुरी आहे. आपल्याकडे इंग्रजी बोलणारे डॉक्टर आहेत, औषधे देशातच बनतात, परिचारिकांचे आणि कामगारांचे पगार कमी आहेत. यातले शेवटचे कारण जाहिरातीत कधी छापले जात नाही. उपचार स्वस्त आहेत याचा एक अर्थ असा की रात्रपाळी करणारी आपली मुलगी थोड्या पगारावर राबते आहे.

हा धंदा वरवर दिसतो तितका पक्काही नाही. २०२० साली कोरोनाने विमाने थांबली आणि परदेशी रुग्णांचा आकडा दोन लाखांच्याही खाली आला. २०२४ च्या ऑगस्टमध्ये बांगलादेशात सत्तांतर झाले, व्हिसा अडकले, आणि कोलकात्याच्या रुग्णालयांतले बांगलादेशी रुग्ण एकाएकी घटले. कोरोनात बडोद्याचा भार कोणी उचलला हे आपण डोळ्यांनी पाहिले आहे. सयाजी आणि गोत्री या दोन सरकारी इस्पितळांनी तो उचलला.

आपल्या भागात या उद्योगाचे रूप वेगळे आहे. इथे येणारा पाहुणा बहुधा गोरा नसतो. तो चरोतरचा पटेल असतो, लंडन, नैरोबी किंवा न्यू जर्सीहून आलेला. डिसेंबर-जानेवारीत लग्ने, पतंग आणि दातांचे काम असे तिन्ही उरकून तो परत जातो. आपलीही मुले-नातवंडे आता कॅनडा-ऑस्ट्रेलियाहून येतात आणि तेच करतात. नडियादचे मूत्रपिंडाचे मुळजीभाई पटेल इस्पितळ १९७८ सालचे. विश्वस्त संस्थेने चालवलेल्या या इस्पितळाने आधी कामाचे नाव कमावले, रोगी त्या नावामागून आले. हा या उद्योगाचा चांगला नमुना आहे आणि तो आपल्यापासून दीड तासावर आहे, हे अभिमानाने सांगितले पाहिजे.

दुसरा नमुना त्याहून जवळ आहे, आणि त्यावर थोडे थांबावे लागेल. आणंद. २००४ साली तिथे एका आजीने इंग्लंडमध्ये राहणाऱ्या आपल्या मुलीची जुळी बाळे स्वतःच्या उदरात वाढवली. बातमी जगभर गेली. पुढच्या दहा वर्षांत अमेरिका, जपान, युरोप इथली जोडपी आणंदला येऊ लागली. आसपासच्या गावांतल्या बायका नऊ महिने वसतिगृहात राहून परक्याचे मूल वाढवत. त्यांना मिळणारी रक्कम तेव्हाच्या वृत्तपत्रांत साधारण तीन-चार लाख रुपये छापून येई. शेतमजुरी करणाऱ्या घरात एवढा पैसा म्हणजे पक्के घर, मुलांचे शिक्षण. म्हणून त्या बायकांना नावे ठेवण्याचा अधिकार आपल्याला नाही.

पण कायदा कुठे होता? भारतीय वैद्यकीय संशोधन परिषदेच्या २००५ सालच्या मार्गदर्शक सूचना होत्या, त्या मोडल्या तर शिक्षा नव्हती. २००८ च्या जुलैत एका जपानी जोडप्यासाठी आणंदमध्ये मुलगी जन्मली. जन्माआधीच त्या जोडप्याचा घटस्फोट झाला होता. आई कोण लिहायची? मूल वाढवणारी, बीज देणारी की करार करणारी? जन्मदाखला अडला, पासपोर्ट अडला. बाळाला सांभाळायला जपानहून आजी आली. प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेले आणि बाळ नोव्हेंबरमध्ये मायदेशी पोहोचले. त्याच वर्षी जानेवारीत जन्मलेल्या एका जर्मन माणसाच्या जुळ्यांचे प्रकरण गुजरात उच्च न्यायालयापर्यंत गेले. त्या मुलांना जर्मनीला जायला २०१० उजाडले. दोन वर्षे ती मुले कोणत्याच देशाची नव्हती. आणि २०१२ च्या मे महिन्यात अहमदाबादेत परक्या जोडप्याचे मूल वाढवणारी एक बाई गरोदरपणातच दगावली. मूल वाचले. त्या बाईच्या स्वतःच्या मुलांचे पुढे काय, याची कोणत्याही कायद्यात तरतूद नव्हती.

२०१५ च्या अखेरीस परदेशी जोडप्यांना बंदी झाली. सरोगसीचा कायदा २०२१ साली संमत होऊन २०२२ च्या जानेवारीत लागू झाला. आता पैसे घेऊन मूल वाढवणे गुन्हा आहे. दवाखान्याचा खर्च आणि तीन वर्षांचा विमा एवढेच त्या स्त्रीला मिळते. म्हणजे आधी दहा-बारा वर्षे दार सताड उघडे, आणि मग एकदम कुलूप. मधला मार्ग, म्हणजे परवाना, तपासणी, बाईच्या प्रकृतीची आणि पैशाची हमी, हा वेळेवर कोणी काढला नाही. धंदा आधी वाढला, नियम मागून लंगडत आले. आणंदचा हा धडा सगळ्या वैद्यकीय पर्यटनाला लागू आहे.

आता दर्जाकडे येऊ. रुग्णालयाच्या दारावर मान्यतेची पाटी असते. ती पाटी खोटी नाही. तिच्यासाठी जंतुसंसर्ग किती, औषध चुकले किती वेळा, शस्त्रक्रियेनंतर रोगी परत आला का, अशा नोंदी ठेवाव्या लागतात, तपासणीला माणसे येतात. पण मान्यता घेणे ऐच्छिक आहे, आणि त्या नोंदी साधारण रोग्याच्या हाती पडत नाहीत. आपण डॉक्टर निवडतो तो ओळखीने, शेजारच्या काकूंच्या सांगण्यावरून.

परदेशी रुग्णाचे तसे नसते. त्याला निघण्याआधी लेखी अंदाजपत्रक जाते. खोली किती रुपयांची, डॉक्टरांची फी किती, रोपण कोणत्या कंपनीचे, किती दिवस राहावे लागेल, सगळे कागदावर. त्याच्याशी बोलायला स्वतंत्र माणूस असतो. परत जाताना पूर्ण फाईल हातात मिळते. हे सगळे योग्यच आहे. आमचा प्रश्न एवढाच आहे की तरसालीहून रिक्षाने आलेल्या माणसाला हेच का मिळू नये? त्याला आधी अनामत भरायला सांगतात आणि बिल कळते ते सुट्टीच्या दिवशी.

ज्या दिवशी सरकारने मनावर घेतले त्या दिवशी काय होते तेही आपण पाहिले. २०१७ च्या फेब्रुवारीत हृदयात बसवायच्या स्टेंटची कमाल किंमत ठरली. लाख-सव्वा लाखाला विकला जाणारा औषधी स्टेंट तीस हजारांच्या आसपास आला. त्याच वर्षी गुडघ्याच्या रोपणाच्या किमतीवरही मर्यादा आली. त्यामुळे रुग्णालये बंद पडली नाहीत.

उलट बाजूही पाहू. गुजरातेत २०१२ पासून मा कार्ड होते, २०१८ पासून आयुष्मान आले आणि २०२३ च्या जुलैत मर्यादा दहा लाख झाली. योजना उत्तम आहे. पण २०२४ च्या नोव्हेंबरमध्ये काय घडले? कडी तालुक्यातल्या एका गावात शिबिर भरवून एकोणीस जणांना अहमदाबादच्या एका खासगी रुग्णालयात नेले. सात जणांना स्टेंट बसवले. दोघे दगावले. कार्डावरचे पैसे काढण्यासाठी गरज नसताना हे केल्याचा आरोप झाला, अटका झाल्या. ज्या शहराची नावे वैद्यकीय पर्यटनाच्या पत्रकात मानाने छापतात, त्याच शहरात हे घडले. परदेशी पाहुणा फसला तर वकिलात बोलते, वर्तमानपत्र बोलते. कडीचा शेतकरी फसला तर दोन माणसे गेल्यावर चौकशी होते.

कोणी म्हणेल, मंडळाने या उद्योगाला विरोध करायचा का? मुळीच नाही. या उद्योगामुळे शहरात चांगली यंत्रे आली, निष्णात डॉक्टर मुंबईला न जाता इथे राहिले, आपल्या कित्येक मुलामुलींना परिचारिका, तंत्रज्ञ, औषधविक्रेते म्हणून कामे मिळाली. पूर्वी हृदयाच्या शस्त्रक्रियेसाठी मुंबई गाठावी लागे, आज लागत नाही. आमचे म्हणणे असे की पाहुण्यासाठी ठरलेला दर्जा घरच्यालाही मिळाला पाहिजे, आणि ज्यांना खासगी दवाखान्याचा उंबरा परवडत नाही त्यांच्यासाठी सयाजी आणि गोत्री धडधाकट राहिली पाहिजेत.

त्यासाठी मत मागायला येणाऱ्या प्रत्येक उमेदवाराला, पक्ष कोणताही असो, आपण चार गोष्टी विचाराव्यात असे कार्यकारिणीने ठरवले आहे.

एक, २०२१ च्या राज्य कायद्याखाली नोंदणी झालेल्या बडोद्यातील सर्व दवाखान्यांची यादी आणि नेहमीच्या शस्त्रक्रियांचे दर गुजराती, हिंदी व मराठीत जाहीर होतील का?

दोन, नियोजित शस्त्रक्रियेआधी लेखी अंदाजपत्रक देणे प्रत्येक रुग्णालयाला बंधनकारक करण्यासाठी तुम्ही विधानसभेत किंवा महानगरपालिकेत आवाज उठवाल का?

तीन, सयाजी आणि गोत्री इस्पितळांतील रिकाम्या जागा किती आणि त्या कधी भरणार, हे दर सहा महिन्यांनी लोकांसमोर येईल का?

चार, आपल्या भागातल्या नागरी आरोग्य केंद्रात संध्याकाळी डॉक्टर बसतील का? जी.आय.डी.सी.त दिवसपाळी करणारा माणूस सकाळी अकराला दवाखान्यात कसा जाणार?

उमेदवाराचे उत्तर आपण या पत्रकात जसेच्या तसे छापू. उत्तर दिले नाही तर तेही छापू.

आणि काही कामे आपल्याच हातातली आहेत. सत्तर वर्षांवरच्या प्रत्येकाला, उत्पन्न कितीही असो, २०२४ च्या ऑक्टोबरपासून आयुष्मान कार्ड मिळते. जुन्या घरातले आपले कितीतरी आजी-आजोबा ‘ते गरिबांचे असते’ म्हणून ते काढत नाहीत. यात कमीपणा काही नाही. आधार कार्ड घेऊन मंडळात या, आपली तरुण मुले ते काढून देतील. आपल्या तपासण्यांचे कागद मागून घ्या. मागितल्यापासून बहात्तर तासांत ते देणे २००२ च्या वैद्यक परिषदेच्या नियमांनुसार डॉक्टरांवर बंधनकारक आहे. मोठ्या शस्त्रक्रियेआधी दुसऱ्या डॉक्टरांचे मत घ्या, पहिल्या डॉक्टरांना त्याचा राग येण्याचे कारण नाही. आणि ज्यांची मुले परदेशी आहेत अशा एकट्या ज्येष्ठांसोबत इस्पितळात जायला दोन माणसे ठेवण्याची जबाबदारी प्रत्येक गल्लीने घ्यावी. नावे आजच सभा संपल्यावर चिटणीसांकडे द्यावीत.

सभासदहो, या शहरात आपण पाहुणे नाही. शहर बांधणाऱ्यांत आपली माणसे होती, तेव्हा शहराचा दवाखाना कसा चालतो हे विचारण्याचा आपल्याला हक्क आहे आणि ते कर्तव्यही आहे. जगभरचे रोगी खुशाल येवोत, बरे होऊन जावोत. त्यांच्याच शेजारच्या खाटेवर तरसालीचा माणूस तितक्याच विश्वासाने झोपू शकला, तर या उद्योगाची वाढ खरी वाढ झाली असे आपण म्हणू.

 जय हिंद.