'पब्लिक' म्हणजे कोण?
(कापडे येथील मेळाव्यात केलेले भाषण)



आज आम्ही एका इंग्रजी शब्दावर बोलणार आहोत. घाबरू नका, शाळेची पायरी न चढलेल्या आमच्या आयाबहिणींनाही तो ठाऊक आहे. तो शब्द म्हणजे 'पब्लिक'.

पोलादपूरच्या स्टँडवर एस.टी. भरली की आपण म्हणतो, "लय पब्लिक आहे." २० मार्चला महाडहून परतलो की घरी पहिला प्रश्न, "पब्लिक किती होतं?" येथे पब्लिक म्हणजे गर्दी. सिनेमावाल्याचे पब्लिक म्हणजे प्रेक्षक, पुढाऱ्याचे पब्लिक म्हणजे मतदार. 'पब्लिक प्रॉसिक्यूटर' म्हणजे सरकारी वकील. पण 'पब्लिक लिमिटेड' कंपनी सरकारी असेलच असे नाही. इंग्लंडात तर गंमतच आहे. तेथील नामांकित 'पब्लिक स्कूल' म्हणजे भरमसाट फी घेणाऱ्या खाजगी शाळा! शब्द मूळचा लॅटिन, अर्थ लोकांचा. 'रिपब्लिक' हा शब्दही त्याच कुळातला, म्हणजे सर्वांची मिळून असलेली बाब.

बंधूंनो, शब्दाला अनेक अर्थ असले की बलवान माणूस आपल्या सोयीचा अर्थ उचलतो. याचा पुरावा आपल्या शेजारीच, महाडला आहे.

४ ऑगस्ट १९२३ रोजी रावबहादूर सी. के. बोले यांचा ठराव मुंबई कायदे कौन्सिलात मंजूर झाला. पब्लिक पैशातून बांधलेले व राखलेले पाणवठे, विहिरी, धर्मशाळा, तसेच पब्लिक शाळा, कचेऱ्या, दवाखाने अस्पृश्यांना वापरू द्यावेत, असा त्याचा आशय होता. जानेवारी १९२४ मध्ये महाड नगरपालिकेनेही चवदार तळे खुले असल्याचा ठराव केला. कागदावर तळे पब्लिक झाले. पण आमच्या ओंजळीत पाणी आले नाही. कारण पब्लिकमध्ये आम्हाला कोणी धरतच नव्हते!

२० मार्च १९२७ रोजी परमपूज्य डॉ. बाबासाहेब आंबेडकर हजारो लोकांसह तळ्यावर गेले आणि पाणी प्याले. तेव्हा त्या शब्दाचा खरा अर्थ लागला. तो सहन झाला नाही. ४ ऑगस्ट १९२७ रोजी, म्हणजे बोले ठरावाला बरोबर चार वर्षे झाली त्या दिवशी, नगरपालिकेने आपला ठराव मागे घेतला. डिसेंबरमध्ये काही सवर्णांनी दावा लावला. तळे पब्लिक नाही, खाजगी आहे, आणि अस्पृश्यांना मज्जाव ही फार पुरातन वहिवाट आहे, असे त्यांचे म्हणणे. खटला जवळजवळ दहा वर्षे चालला. १७ मार्च १९३७ रोजी मुंबई हायकोर्टाने निकाल आपल्या बाजूने दिला. खाजगी मालकीचा दावा टिकला नाही आणि पुरातन वहिवाटही सिद्ध झाली नाही.

पुढे संविधानाच्या १५ व्या कलमात विहिरी, तळी, स्नानघाट, रस्ते यांच्या वापराबाबत धर्म, जात, लिंग वा जन्मस्थान यांवरून कोणालाही आडकाठी करता येणार नाही, हे लिहिले गेले. आता अर्थ ओढूनताणून बदलण्याची सोय राहिली नाही.

मात्र आज या शब्दाला आणखी एक अर्थ चिकटला आहे, आणि तो आपणच चिकटवला आहे. नळ गळतो, "जाऊ दे, पब्लिकचा आहे." शाळेचे दार मोडले, "आपलं काय जातं?" पब्लिक म्हणजे कोणाचेच नाही, हा तो अर्थ. ज्या शब्दात शिरण्यासाठी आमच्या वाडवडिलांनी मार खाल्ला, गावोगाव बहिष्कार सोसला, त्या शब्दातून आपण आपल्या पायांनी बाहेर पडावे काय?

आणि घरचेही पाहू या. समाजमंदिरातले पुस्तकांचे कपाट वर्षभर कुलपात असेल, सभेत स्त्रियांना बोलू दिले जात नसेल, तर आपलेही पब्लिक अपुरेच आहे.

म्हणून आमची विनंती एवढीच की, यापुढे पब्लिक म्हणताना गर्दी म्हणू नका, सरकार म्हणू नका. पब्लिक म्हणजे आपल्याला धरून सगळे. कोणी एक जण बाहेर उभा असेल, तर आधी त्याला आत घ्या.

जयभीम!