चकवा आणि कॅटमधला उजेड



होळकरांच्या मागोमाग माळव्यात मराठी घरे आली, तेव्हा पगडी आली, पुरणपोळी आली आणि सामानात कुठेतरी बांधून भुतेही आली. त्यातला एक चकवा. रात्री शेतावरून घरी निघालेल्या माणसाला बांधापलीकडे टेंभ्यासारखा उजेड दिसतो. कुणी कंदील घेऊन चालले असेल, सोबत होईल, म्हणून तो मागे लागतो. उजेड पुढे, हा मागे. घटकाभर चाललो असे त्याला वाटते, आणि बघतो तो पूर्वेला तांबडे फुटलेले, पायाखाली तेच शेत आणि समोर तीच विहीर. आपल्याकडचा चकवा, मशाली घेऊन निघणारी वेताळाची पालखी, माळवी शेजाऱ्यांचा छलावा, यांत भेद पुष्कळ. लहानपणी आम्हाला उजेडापेक्षा धास्ती वाटायची ती त्या हरवलेल्या रात्रीची.

गोल फिरण्याचा उलगडा तसा झालेला आहे. 2009 साली जर्मनीतल्या माक्स प्लांक संस्थेच्या संशोधकांनी माणसांना सहाराच्या वाळवंटात आणि जंगलात सरळ चालायला सांगितले. सूर्य किंवा चंद्र दिसत होता तोवर ती बऱ्यापैकी सरळ चालली. आभाळ भरून आले किंवा चंद्र मावळला, की वाट वळत गेली. काहीजण फिरून आपल्याच वाटेवर आले आणि त्यांना ते कळलेही नाही. उजेडासाठी दलदलीतल्या वायूकडे बोट दाखवतात. राहिला वेळ. घाबरलेला माणूस घटका मोजत बसत नाही, असे म्हणून आपण सुटतो.

पण उजेड, गोल वाट आणि चुकलेले घड्याळ हे तिन्ही एकत्र, आणि खरोखर, आपल्या इंदूरमध्येच बघायचे असेल तर कॅट या संशोधन संस्थेकडे वळावे. राजेंद्रनगरच्या बाजूच्या या संस्थेची पायाभरणी 1984 साली राष्ट्रपती ग्यानी झैलसिंग यांच्या हस्ते झाली. पुढे तिला अणुशास्त्रज्ञ राजा रामण्णांचे नाव मिळाले. रिक्षावाल्याला मात्र अजून कॅटच सांगावे लागते. तिथे इंडस-2 नावाचे यंत्र आहे. 172.5 मीटर घेराचे कडे, हवा काढून घेतलेल्या नळीचे. त्यात इलेक्ट्रॉन प्रकाशाच्या वेगाच्या अगदी जवळ जाऊन फिरतात, सेकंदाला 17 लाखांहून जास्त फेऱ्या. चुंबके त्यांना वळवतात आणि दर वळणावर इलेक्ट्रॉन उजेड टाकतो.

हा उजेड यंत्रात पहिल्यांदा दिसला तोही भुतासारखाच. 24 एप्रिल 1947, अमेरिकेत जनरल इलेक्ट्रिकची प्रयोगशाळा. यंत्रात मधूनमधून ठिणग्या उडत होत्या, म्हणून तंत्रज्ञाने संरक्षक भिंतीच्या कडेने आरसा धरून आत डोकावले आणि यंत्र बंद करायची खूण केली. नळीत विजेची सलग ठिणगी पेटली आहे, असे त्याला वाटले. तसे काहीच नव्हते. तो इलेक्ट्रॉनांचाच निळसर पांढरा प्रकाश होता.

आता घड्याळाचे बघू. वेगाने धावणाऱ्याचा काळ मंदावतो, हा आइन्स्टाइनच्या सापेक्षतेचा 1905 सालचा हिशेब. इंडस-2 मध्ये ऊर्जा असते अडीच अब्ज इलेक्ट्रॉन व्होल्ट. त्या ऊर्जेला इलेक्ट्रॉनचा काळ जवळपास 4,900 पटींनी मंद होतो. समजा, आपल्या भिंतीवरच्या घड्याळात दहा तास गेले, तर त्याच्या लेखी सात-साडेसात सेकंद. इलेक्ट्रॉनच्या मनगटावर घड्याळ कुठे असते, असे कुणी विचारील, आणि विचारावेच. त्यासाठी म्यूऑन उपयोगी पडतात. हे कण जागच्या जागी असले तर सरासरी 2.2 मायक्रोसेकंदांत विरतात. 1977 साली जिनिव्हाजवळच्या सर्न प्रयोगशाळेने ते असेच कड्यात फिरवले, तेव्हा ते सरासरी 64 मायक्रोसेकंद टिकले.

मला याहून नवल वाटते ते पुढच्या गोष्टीचे. सेकंदाला 17 लाख फेऱ्या म्हणजे साधारण मीडियम वेव्ह रेडिओच्या लहरींची वारंवारता. साध्या हिशेबाने इलेक्ट्रॉनने तुमच्या रेडिओला ऐकू येतील तसल्या लहरी सोडायला हव्यात. तो सोडतो क्ष-किरण. कारण वळणावर उजेड टाकता टाकता तो स्वतः त्याच उजेडाच्या पाठोपाठ धावत असतो. आधीचा आणि नंतरचा उजेड यांत अंतर नावापुरतेच उरते, दोन्ही आपल्याकडे जवळजवळ एकदमच पोचतात, आणि वळणाचा तेवढा काळ घडी घातलेल्या धोतरासारखा चिमूटभर जागेत मावतो. काळ दाबला गेला म्हणून हा उजेड असा तीक्ष्ण.

याचा अर्थ चकव्याची गोष्ट सांगणाऱ्या आपल्या आजीला सापेक्षता ठाऊक होती, असे सांगणारे भेटतात. त्यांच्या रांगेत मी नाही. आजीला रात्री पोरे घरात हवी होती.

या उजेडात धातूंचे आणि प्रथिनांचे अणू कसे रचलेले आहेत ते तपासायला देशभरच्या विद्यापीठांतून माणसे इथे येतात. आधी अर्ज करायचा, मंजुरी आली की बीमटाइम (किरण वापरायची पाळी) मिळतो, मग ठरलेल्या वेळेत मोजमापे उरकायची. प्रत्यक्ष उजेडाच्या वाटेत मात्र कुणालाच उभे राहता येत नाही. भिंती जाड काँक्रीटच्या असतात, आणि किरण चालू असताना आतली दारे बंद.