डिमॅट खातं आपलं, मग नंबरही आपलाच

गटाच्या बैठकीत हल्ली शेअरचा विषय निघतो. कुणाच्या ट्रंकेत सासऱ्यांच्या काळचे कंपनीचे कागदी शेअर सापडतात, कुणाची पुण्याला नोकरी करणारी लेक म्हणते, "आई, तुझ्या नावानं थोडे शेअर घेऊ." दोन्हींसाठी लागतं डिमॅट खातं. बाजारात खरेदी-विक्री होणाऱ्या कंपनीचे कागदी शेअर विकायचे, तर आधी ते या खात्यात जमा करावे लागतात. साखर कारखान्याचा नाहीतर विकास सोसायटीचा शेअर मात्र सहकारातला. त्याचा या खात्याशी संबंध नाही.

बँकेच्या खात्यात पैसे, तसे डिमॅट खात्यात शेअर. ते सांभाळणाऱ्या संस्था देशात दोनच, एनएसडीएल आणि सीडीएसएल. त्यांच्याकडे आपण थेट जात नाही. ब्रोकर किंवा बँक मध्ये असते. पॅन कार्ड, आधार, पासबुक किंवा रद्द केलेला चेक, फोटो आणि सही एवढं लागतं. सगळ्या कागदांवर नाव एकच आहे ना, ते घरीच बघा. पॅनवर माहेरचं नाव, आधारवर सासरचं, इथंच आपल्या बायकांचे अर्ज अडकतात.

आता मुद्द्याचं. फॉर्म भरणारा मुलगा घाईत म्हणतो, "मावशी, नंबर माझाच टाकतो, ओटीपीची कटकट नको." टाकू देऊ नका! शेअर विकायला मंजुरीचा ओटीपी त्याच नंबरवर येतो आणि व्यवहाराचा मेसेजही तिथंच. म्हणजे तिजोरी आपली आणि किल्ली त्याच्या खिशात. घरात एकच मोबाइल असेल तर नवऱ्याचा नंबर तसं लिहून देऊन चालतो, पण आम्ही म्हणू, आपलं सिम घ्याच. कोऱ्या फॉर्मवर सही नको. मुखत्यारपत्र पुढं केलं तर "हे सक्तीचं आहे का?" असं विचारा. ते सक्तीचं नाही.

खर्चाचंही बोलून घ्या. आपलं एकच डिमॅट खातं असेल आणि त्यातल्या शेअरची किंमत ४ लाखांपर्यंत असेल, तर 'बेसिक' खात्याला वार्षिक देखभाल फी नाही. खरेदी-विक्रीची दलाली वेगळी.

वारसाचं नाव त्याच दिवशी लावा. नाहीतर मागं राहिलेल्या लेकरांना कोर्टकचेरीचे कागद गोळा करत फिरावं लागतं.

ब्रोकरचं नाव सेबीकडं नोंदलेलं आहे का, हे पैसे देण्याआधी विचारायचं. सेबीचा फुकट नंबर लिहून घ्या : १८०० २२ ७५७५. मराठीत बोललं तरी चालतं.