एका मूक नटाची वाचा



आपण या वेळीं माझा आवाज ऐकत आहां. माझी मुद्रा आपणांस दिसत नाहीं. आज ज्या नटाविषयीं बोलावयाचें आहे त्याची गोष्ट नेमकी उलट आहे. जगानें त्याची मुद्रा पाहिली व वाखाणली. आवाज ऐकण्याची वेळ आली तेव्हां मात्र त्याची नायकाची जागा गेली.

हा नट हंगेरीचा. त्या देशाच्या ईशान्येस किश्वार्दा म्हणून गांव आहे, तेथें १८९१ सालीं त्याचा जन्म झाला. नांव वार्कोनी मिहाय. हंगेरियन लोक आडनांव अगोदर सांगतात. रंगभूमीवर तो तयार झाला, म्हणजे शब्दफेक हेंच त्याचें मूळ भांडवल होतें, हें कृपा करून ध्यानांत ठेवावें. १९१३ सालच्या ‘पिवळें शिंगरूं’ या मूकपटांत त्यानें काम केलें आणि पडद्याची वाट धरली.

१९१९ सालीं हंगेरींत बेला कून यांची राजवट आली, तिनें चित्रपटाचा धंदा सरकारी केला आणि कांहीं महिन्यांतच ती कोसळली. मागाहून आलेल्या सत्तेच्या धाकानें अनेक कलावंतांनीं देश सोडला. वार्कोनीनेंहि व्हिएन्ना गांठलें. तेथें काउंट कोलोव्राट यांची ‘साशा’ कंपनी होती व दिग्दर्शक होता त्याचाच देशबांधव केर्तेस, जो पुढें हॉलिवुडांत मायकेल कर्टिझ म्हणून गाजला. त्यांचा १९२२ सालचा ‘सोडोम आणि गोमोरा’ म्हणजे हजारों माणसांचा मेळा! नटास जर्मन येतें कीं नाहीं हें पडद्यावर कोणास कळणार? मधल्या मजकुराच्या पाट्या तेवढ्या बदलल्या कीं तोच चित्रपट पॅरिसला फ्रेंच आणि लंडनला इंग्रजी होई.

१९२४ सालीं सेसिल डिमिल यांच्या ‘ट्रायंफ’मध्यें तो अमेरिकेच्या पडद्यावर आला. मिहायचा आतां व्हिक्टर झाला होता. १९२७ सालच्या ‘किंग ऑफ किंग्ज’मधील त्याचा पाँटियस पायलेट अवश्य पाहावा. पाठीमागें रोमचा अवाढव्य गरुड, समोर निरपराध आरोपी आणि बाहेर खवळलेला जमाव. न्यायाधीशास सत्य दिसतें, पण तें धरून ठेवण्याची छाती नाहीं. वार्कोनी येथें हातवारे करीत नाहीं. डोळ्यांनींच काम भागवितो. माझ्या मतें त्याची ही सर्वोत्तम भूमिका होय. त्याच सालच्या ‘शिकागो’मध्यें त्यानें खुनी बायकोचा भोळा नवरा रंगविला, तोहि चांगला आहे.

आणि १९२९ सालीं ‘डिव्हाइन लेडी’मध्यें तो झाला आरमारी सेनापति नेल्सन! इंग्रजांचा परमपूज्य वीर एका हंगेरियन माणसानें उभा करावा आणि कोणास खटकूं नये, हें मूकपटांतच शक्य होतें. त्या चित्रपटास मुद्रित संगीताची साथ होती, संवाद नव्हते.

पण तोंवर बोलपट येऊन ठेपला होता. हंगेरियन भाषेंत आघात नेहमीं शब्दाच्या पहिल्या अवयवावर पडतो. इंग्रजींत तो शब्दागणिक जागा बदलतो. शिवाय इंग्रजीचे ते दोन निरनिराळे ‘व’! मीं आयुष्यभर मुलांस इंग्रजी शिकविलें. ते दोन्ही मला स्वतःस साधले, असें छातीवर हात ठेवून सांगवत नाहीं. मग तिशी उलटल्यावर परमुलखांत गेलेल्या वार्कोनीस काय दोष द्यावा? त्याच्याच देशचा बेला लुगोसी याला १९३१ सालीं ‘ड्रॅक्युला’मध्यें हेच परके उच्चार फळले, परंतु रक्तपिपासु भूतास जें शोभतें तें नायकास कोठून शोभणार?

नायकपद गेलें, तरी वार्कोनीनें धंदा सोडला नाहीं. डिमिलनींहि त्याला अंतर दिलें नाहीं. १९३६ सालच्या ‘प्लेन्समन’मध्यें तो अमेरिकेंतील आदिवासी झाला, १९४३ सालच्या ‘फॉर हूम द बेल टोल्स’मध्यें स्पॅनिश गनीम. १९७६ सालीं, ज्या वर्षीं तो कॅलिफोर्नियांत वारला त्याच वर्षीं, त्याचें आत्मचरित्र निघालें. त्याचें नांव त्यानें ठेविलें होतें, ‘नुसतें हंगेरियन असून भागत नाहीं’.

डिमिल यांचा १९४९ सालचा ‘सॅमसन अँड डिलायला’ पाहण्याचा योग आला, तर पलिष्टी सरदारांच्या घोळक्यांत नीट पाहा. त्यांतला अश्दोदचा सरदार म्हणजे आपला पूर्वीचा पायलेट.