पनागरचे बांध

भेडाघाटचा धुवांधार पाहिला की जबलपूर पाहिले, अशी आपली समजूत असते. गेल्या श्रावणात मुलांना घेऊन, एका वृद्ध शेतकऱ्याच्या मागोमाग, आम्ही पनागरची खेडी दिवसभर पायी हिंडलो. कोकणासारखी डोंगरउतारावरची खाचरे येथे नाहीत. हा 'हवेली'चा काळाभोर, सपाट मुलूख. शेताला चारी बाजूंनी बांध घालून पावसाचे पाणी कोंडायचे, तण त्यातच कुजवायचे, आणि आश्विनात ते पाणी शेतामागून शेत उतरवून त्या ओलीवर गहू-हरभरा पेरायचा, ही येथली जुनी रीत. वरच्याचे पाणी खालच्याच्याच शेतातून जायचे. तेव्हा शेजाऱ्याशी अबोला धरणे परवडत नसे! आता कूपनलिका झाल्या, भात वाढला, पुष्कळ बांध मोडले.

एका सांडव्यावरून दीड हात पाणी कोसळत होते. मुलांनी त्यालाच धबधबा ठरविले. म्हाताऱ्याने मात्र पलीकडचा सपाट तुकडा दाखविला. तेथला बांध त्याच्या मुलानेच काढला होता.

"तुमच्या गावी बांध कसे असतात?" त्याने विचारले.

सातबाऱ्यावर आमचे नाव आहे. बांध आम्ही पाहिलेला नाही. आम्ही त्याला यंदाच्या पावसाचे विचारू लागलो.