जावाची तरुणाई आणि आपले घर



इंडोनेशियाचा विषय निघाला की आपल्याकडील वक्ते गरुड, गणपती आणि रामायण यांचा उल्लेख करून कृतार्थ होतात. त्यात असत्य काही नाही. परंतु तिथला आजचा पंचविशीतील तरुण कसा जगतो, हे आपण क्वचितच विचारतो.

तो आपल्या मुलांहून फारसा निराळा नाही. कानात कोरियन गाणी, हाती मोबाईल, सायंकाळी कॉफीच्या दुकानात मित्रांचा अड्डा. या निरुद्देश बैठकीला तिथे 'नोंगक्रोंग' म्हणतात. आपल्या कट्ट्याचेच ते भावंड. चिंताही त्याच आहेत. फेब्रुवारी २०२५ मध्ये 'आधी पळून तर जा' अशा अर्थाची हाक समाजमाध्यमांवर पसरली. परदेशी निघून जावे, ही निराश तरुणांची भावना तीत होती. इस्लामी आचाराकडे नव्या ओढीने वळलेला वर्गही या पिढीत मोठा आहे.

आणि तरीही याच पिढीच्या अंगावर बाटिक आहे. मेणाने नक्षी राखून रंगविलेल्या या वस्त्रकलेला २ ऑक्टोबर २००९ रोजी युनेस्कोची मान्यता मिळाली. तो दिवस तिथे बाटिक दिन म्हणून पाळला जातो. आजीच्या पेटीतील वस्त्र कमरेला गुंडाळून, पायांत आधुनिक बूट घालून तरुणी मिरवतात. त्यात त्यांना संकोच वाटत नाही.

दुसरे उदाहरण भाषेचे. २८ ऑक्टोबर १९२८ रोजी तिथल्या युवकांनी एक मायभूमी, एक राष्ट्र आणि एका राष्ट्रीय भाषेचा पुरस्कार करणारी शपथ घेतली. जावानीज ही सर्वांत मोठ्या समाजाची भाषा; परंतु राष्ट्रभाषेचा मान मलयवर आधारित इंडोनेशियनला मिळाला. हा त्याग थोर होता. मात्र जावानीज घरापुरती उरण्याची भीती होती. २०१९ मध्ये दिदी केम्पोत या पन्नाशी उलटलेल्या गायकाची जावानीज विरहगीते शहरी तरुणांनी अकस्मात डोक्यावर घेतली. ५ मे २०२० रोजी तो निवर्तला, तेव्हा त्याच्यासाठी रडणाऱ्यांत विशीतली मुले होती.

प्रांबानन मंदिराच्या परिसरात १९६१ पासून रामायण नृत्यनाट्य होते. त्यातील बहुसंख्य कलावंत मुस्लिम आहेत. उपासनापद्धती बदलली, तरी पूर्वजांची कथा त्यांनी टाकली नाही.

हे ऐकून आपली छाती फुगते. पण थोडे थांबू या. बाटिक आपण त्यांना दिलेले नाही आणि रामायणही त्यांनी स्वतःच्या कष्टाने जपले आहे. त्यांच्या निष्ठेचे श्रेय आपल्या खाती जमा करणे हा आळस आहे. खरा प्रश्न आपल्या उंबरठ्याच्या आत आहे. आपल्या नातवंडांना रामकथा कोणत्या भाषेत ठाऊक आहे? आजीचे नऊवार लुगडे कपाटात आहे, की बोहारणीकडे गेले?

मुलांना धाक घालून संस्कृती टिकत नाही. त्यांना ती आपलीशी वाटावी लागते आणि त्यासाठी आधी ती घरात दिसावी लागते. एवढे चिंतन आपल्यापुढे ठेवून मी आपली रजा घेतो.